ताऱ्याचं उष्टं

प्रश्न असा आला: "'सुपरनोव्हा रेम्नंट'ला मराठीत 'अतिनवताऱ्याचे भग्नावशेष' म्हणावं की नुसतं 'अवशेष'? आणि 'कर्क तेजोमेघ' कर्क राशीत नेमका कुठे दिसतो?"

(सुपरनोव्हा म्हणजे ताऱ्याचा प्रचंड स्फोट, रेम्नंट म्हणजे त्यातून मागे उरलेलं; 'कर्क तेजोमेघ' म्हणजे 'क्रॅब नेब्युला', असाच एक अवशेष.) दुसऱ्याचं उत्तर आधी देतो, कारण तो वाचूनच डोकं फिरलं. कर्क राशीत तो जन्मभर शोधलात तरी सापडणार नाही. तो वृषभेत आहे, बैलाच्या शिंगाच्या टोकाशी जो तारा आहे त्याच्या शेजारी. आयर्लंडच्या लॉर्ड रॉस यांनी १८४०च्या दशकात दुर्बिणीतून पाहून त्याचं चित्र काढलं, ते खेकड्यासारखं दिसलं आणि 'क्रॅब' हे नाव पडलं. पुढे त्यांच्याच मोठ्या दुर्बिणीतून तो खेकडा काही दिसेना, पण नाव चिकटलं ते चिकटलंच. ते मराठीत आणणाऱ्याला 'खेकडा' गावठी वाटला असावा. त्याने 'कर्क' काढला आणि वृषभेतल्या माणसाचा पत्ता कर्केत नेऊन टाकला. खेकडा म्हणा. मालवणी वाचकांनी कुर्ली म्हटलं तरी माझी तक्रार नाही.

'नवतारा' आणि 'अतिनवतारा' यांच्यावर फार वेळ घालवत नाही. डॅनिश ज्योतिर्विद टायको ब्राहेला ११ नोव्हेंबर १५७२च्या संध्याकाळी शर्मिष्ठा या तारकासमूहात एक तारा दिसला, जो आधी तिथे नव्हता. पुढच्या वर्षी त्याने त्यावर लॅटिनमध्ये पुस्तक लिहिलं, त्यात तो 'नोव्हा स्टेला' झाला, म्हणजे नवा तारा. १९३०च्या दशकात बाडे आणि झ्विकी या खगोलशास्त्रज्ञांनी त्याच्याआधी 'सुपर' जोडलं. आपण त्याचं 'अतिनव' केलं. आता 'अतिनव' म्हणजे फारच नवा, आणि प्रकरण आहे म्हाताऱ्या ताऱ्याच्या मरणाचं. म्हणूनच दर वेळी बातमीत 'आकाशात नव्या ताऱ्याचा जन्म' असं छापून येतं. विश्वकोशातला 'अतिदीप्त नवतारा' त्यातल्या त्यात बरा, निदान 'अति' तेजाला तरी लागतो. सरळ सुपरनोव्हा म्हणालात तर मला काही वाटणार नाही.

सर्वांत प्रामाणिक नाव चिनी लोकांचं. ते अशा ताऱ्याला 'ख-शिंग' म्हणत, म्हणजे पाहुणा तारा. मेला की जन्मला, यावर अवाक्षर नाही. आला, राहिला, गेला, एवढीच नोंद. इ.स. १८५च्या डिसेंबरात नरतुरंग तारकासमूहाच्या भागात असा एक पाहुणा आला. तो 'अर्ध्या चटईएवढा' होता, पाच रंगांत चमकत होता, असं त्यांच्या इतिहासात लिहिलेलं आहे. १००६ साली वृक तारकासमूहात आलेला तर लिखित इतिहासातला सर्वांत तेजस्वी ठरला. इजिप्तमध्ये अली इब्न रिदवानने त्याची तुलना चंद्राच्या पाव प्रकाशाशी केली, आणि आल्प्समधल्या सेंट गालेन मठातल्या साधूंनीही तो दक्षिण क्षितिजालगत पाहून टिपून ठेवला. ४ जुलै १०५४चा पाहुणा २३ दिवस भर दिवसा दिसत होता आणि रात्री सुमारे पावणेदोन वर्षं. मनुस्मृतीत अतिथी तो, जो एक रात्र राहतो. हा जरा जास्तच राहिला.

पाहुणा उठून गेल्यावर मागे काय राहतं? इथे तुमचा पहिला प्रश्न येतो आणि मला ज्याबद्दल बोलायचं आहे तो धातू येतो: शिष्, म्हणजे उरणे.

शिष् या धातूचं घराणं बघा. शेष, अवशेष, विशेष, अवशिष्ट, विशिष्ट, परिशिष्ट. पुस्तकाच्या शेवटी जोडतात ते परिशिष्ट म्हणजे उरलेलं. प्रलयात सगळं बुडाल्यावर जो उरतो तो शेष, म्हणून विष्णूखालच्या नागाचं ते नाव. देवळात आपल्या हातात पडतो तो शेष. आणि भागाकारात बाकी उरते तीही शेषच.

इथे एक गैरसमज वारंवार कानावर येतो. गीतेच्या तिसऱ्या अध्यायातल्या 'यज्ञशिष्टाशिनः' या शब्दाचा अर्थ 'यज्ञ करणारे शिष्ट लोक' असा सांगणारे प्रवचनकार मी ऐकले आहेत. संस्कृतात 'शिष्ट' दोन आहेत. एक शास् धातूपासून, शिकवलेला, म्हणून सभ्य. त्याचाच भाऊ शिष्य. दुसरा शिष् पासून, उरलेला. गीतेतला दुसरा. यज्ञ झाल्यावर जे उरतं ते खाणारे, ते यज्ञशिष्टाशी. तिथे शिष्टाचाराचा काही संबंध नाही. (शर्मिष्ठेतलं 'इष्ठ' या दोन्ही घराण्यांबाहेरचं. ते श्रेष्ठ, कनिष्ठ यांतलं. तिलाही कुणी 'उरलेली' करून ठेवू नये, म्हणून सांगितलं.)

आता या घराण्यातला माझा लाडका शब्द. शिष् ला 'उद्' लावला की होतो उच्छिष्ट, आणि त्याचं मराठी रूप उष्टं. सुपरनोव्हाच्या अवशेषाला मी हाच शब्द लावेन.

उष्टं म्हणजे 'ओष्ठ', ओठ लागला म्हणून उष्टं, असं काही जाणकार ठामपणे सांगतात. ऐकायला छान आहे, पण टिकत नाही. ओष्ठाचा मराठीत ओठ झाला, आणि तो ओठ आपल्या तोंडावरच आहे! पृष्ठाची पाठ, मुष्टीची मूठ, काष्ठाची काठी, असा हा रीतसर रस्ता आहे. ओष्ठाने त्याच रस्त्याने जाऊन ओठ बनवला, मग पुन्हा माघारी फिरून उष्टं कशाला बनवेल? दुसरे म्हणतात, हिंदीतल्या जूठ्याप्रमाणे उष्टंही 'जुष्ट' पासून आलं. मग सुरुवातीचा ज कुठे गेला, ते सांगावं. शब्दातला आद्य ज असा हवेत विरत नाही.

अडचण माझ्या बाजूलाही आहे, हे मान्य. उच्छिष्ट सामान्य लोकांच्या तोंडून घासत आला असता तर त्यातही ठ यायला हवा होता. 'ष्ट' जसाच्या तसा का राहिला? माझा तर्क असा की हा शब्द सोवळ्या-ओवळ्याच्या स्वयंपाकघरात, संस्कृत जाणणाऱ्यांच्या धाकात वाढला. खाल्लेलं कोणतं आणि शिवलेलं कोणतं याचा निवाडा ज्यांच्याकडे होता, त्यांचा उच्चार त्याला चिकटून राहिला. मधला 'च्छि' रोजच्या घाईत गळाला, शेवटचा 'ष्ट' पाठांतरामुळे वाचला. 'दृष्ट' हे असंच दुसरं उदाहरण. दृष्टीची रीतसर 'दीठ' झाली आहे, ज्ञानेश्वरीत ती 'दिठी' म्हणून भेटते. पण मीठमोहऱ्या ओवाळून काढतात ती दृष्ट 'ष्ट'सकट राहिली, कारण तिथेही मंत्रतंत्राचा हात आहे. मीठमोहऱ्यांच्या घरात आणि उष्ट्याखरकट्याच्या घरात एकच आजी असते, हा पुरावा मला पुरेसा वाटतो.

आणि उष्टं म्हणजे खरकटं नव्हे. खरकटं ताटाला चिकटलेलं, टाकून द्यायचं. उष्टं म्हणजे कुणीतरी आधी चाखलेलं, पण अजून अन्न असलेलं. म्हणून तर बाळाच्या पहिल्या घासाच्या विधीला आपण उष्टावण म्हणतो. तिथे तो शब्द मंगल आहे.

'भग्नावशेष' मला का खटकतो ते आता कळेल. भग्न म्हणजे मोडलेलं. भग्नावशेष म्हटलं की हंपी डोळ्यांपुढे येते: पडझड झालेली, जागेवर स्थिर, वर्षागणिक झिजणारी. सुपरनोव्हाचा अवशेष याच्या नेमका उलट वागतो, तो वाढतो. खेकडा तेजोमेघातला वायू सेकंदाला सुमारे १५०० किलोमीटर वेगाने बाहेर पळतो आहे. १९२१ साली जॉन डंकन यांनी त्याचे काही वर्षांच्या अंतराने घेतलेले फोटो शेजारी ठेवले तेव्हा तो फुगलेला दिसला. तो फुगवटा उलटा मोजत मागे गेलं की स्फोट सुमारे नऊशे वर्षांपूर्वीचा निघतो. हबल यांनी १९२८ साली हेच गणित १०५४च्या चिनी पाहुण्याशी जोडलं. ऋण, अग्नी आणि शत्रू यांचा शेष ठेवू नये, तो पुन्हा पुन्हा वाढतो, असं जे सुभाषित आहे, त्यातला अग्निशेष हाच.

या उष्ट्यातही प्रकार आहेत. १०५४च्या स्फोटात जड ताऱ्याचा गाभा कोसळला आणि मधोमध एक न्यूट्रॉन तारा उरला, जो सेकंदाला सुमारे ३० वेळा फिरतो; तो १९६८ साली सापडला. १००६, १५७२ आणि १६०४ (शेवटचा केप्लरने भुजंगधारी तारकासमूहात पाहिलेला) हे मात्र श्वेतबटूंचे, म्हणजे इंधन संपून आकसलेल्या दाट ताऱ्यांचे, स्फोट. त्यांत मूळ तारा पूर्ण उडून जातो, मध्ये काही उरत नाही, नुसतं वायूचं कवच. आणि ११८१ सालचा? तो माझ्या बाजूने साक्ष देतो. त्या वर्षी ऑगस्टात शर्मिष्ठेत आलेला पाहुणा चिन्यांनी १८५ दिवस पाहिला, जपान्यांनीही नोंदवला. पुढे जपानी कवी फुजिवारा नो तेइका याने आपल्या रोजनिशीत जुन्या पाहुण्या ताऱ्यांची यादी उतरवली, त्यात हाही आहे. त्याचा अवशेष म्हणून कित्येक वर्षं भलत्याच मेघाकडे बोट दाखवलं जात होतं. २०१३ साली डेना पॅचिक या अमेरिकन हौशी निरीक्षकाला अवरक्त छायाचित्रांत एक पुसट गोल मेघ दिसला, आणि २०२१ साली तोच ११८१च्या पाहुण्याचा असावा, अशी मांडणी झाली. त्याच्या मधोमध एक भयंकर तापलेला तारा अजून शिल्लक आहे. दोन श्वेतबटू एकमेकांत मिसळून स्फोट झाला, पण तो पुरा झाला नाही, असं मानतात. अर्धा चावून सोडलेला तारा! याला मराठीत उष्ट्याखेरीज दुसरा शब्द असेल तर तो मला कळवावा.

'अहो, पण उष्टं हा शब्द अमंगळ नाही का, पाठ्यपुस्तकात कसा घालायचा?' असं एका शिक्षकांनी विचारलं होतं. अमंगळ असता तर अथर्ववेदात त्याच्यावर आख्खं सूक्त कशाला झालं असतं? अकराव्या कांडातलं उच्छिष्ट सूक्त. त्याची सुरुवातच 'उच्छिष्टे नाम रूपं चोच्छिष्टे लोक आहितः' अशी आहे: नाव, रूप, सगळे लोक उच्छिष्टात ठेवलेले आहेत. तिथला संदर्भ यज्ञशेषाचा आहे, ताऱ्यांचा नाही. वेदांत सुपरनोव्हा शोधणाऱ्यांनी या वाक्यावर उडी मारू नये, म्हणून आधीच बजावतो. ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायात 'व्यासोच्छिष्ट जगत्रय' म्हटलं आहे, तिथे तर हा शब्द मोठ्या आदराने येतो. खगोलशास्त्राने व्यासांच्या जागी तारा ठेवला, एवढाच फरक. आपल्या श्वासातला ऑक्सिजन बहुतांशी जड ताऱ्यांनी उधळलेला, रक्तातलं लोह बरंचसं श्वेतबटूंच्या स्फोटांतलं. शर्मिष्ठेतल्या 'कॅसिओपिया ए' या अवशेषात चंद्रा क्ष-किरण दुर्बिणीने सिलिकॉन, गंधक, कॅल्शियम, लोह वेगवेगळं ओळखून दाखवलं आहे. तारोच्छिष्टं जगत्सर्वम्. संधी बरोबर आहे, तपासून घ्या.

वेदांचा विषय निघालाच आहे तर, भारतात १०५४चा तारा कुणी पाहिलाच नाही का, हा प्रश्न हमखास येतो. जयंत नारळीकर आणि संस्कृतच्या विदुषी सरोजा भाटे यांनी १००६ आणि १०५४च्या ताऱ्यांच्या नोंदी संस्कृत ग्रंथांत धुंडाळल्या आणि २००१ साली त्याबद्दल लिहिलं. नि:संशय म्हणावी अशी नोंद हाती आली नाही. काश्मीरमधल्या बुर्झाहोमच्या शिलाचित्रात दोन सूर्य दिसतात, त्यातला एक सुपरनोव्हा असावा, असं मयंक वाहिया आणि सहकाऱ्यांनी सुचवलं आहे. दगडावर शब्द नाहीत, त्यामुळे तिथे माझं काही चालत नाही. पण 'जुन्या ग्रंथांतला केतू म्हणजेच सुपरनोव्हा' असं म्हणणाऱ्यांनी बृहत्संहितेतला केतुचार हा अध्याय उघडून पाहावा. वराहमिहिराच्या केतूंना शेपट्या आहेत, शिखा आहेत, ते धूर ओकतात. त्या गर्दीतून एक स्थिर तारा वेगळा काढणं म्हणजे आपल्याला हवं ते वाचणं.

तर, तुमच्या लेखात 'भग्न' खोडा आणि 'अवशेष' ठेवा. संपादक धीट असेल तर 'उच्छिष्ट' लिहून पाहा. कुणीतरी 'अवशिष्ट' सुचवेल, पण ते विशेषण आहे, अवशिष्ट वायू म्हणता येतं, नुसतं अवशिष्ट लटकत राहतं. आणि 'अवशेषे' असं अनेकवचन कृपा करून करू नका. हा शब्द पुल्लिंगी आहे: एक अवशेष, पुष्कळ अवशेष.