वाचकांचे प्रश्न: चार हजार वस्ती अन् घरोघरी व्हायोलिन

प्रश्न: फिनलंडमधल्या काउस्टिनेन नावाच्या खेड्याचं व्हायोलिनवादन युनेस्कोच्या यादीत आहे असं वाचलं. एवढ्याशा गावाचं असं काय विशेष? आणि तिथे साथीला आपल्यासारखी पेटी असते म्हणतात, ते खरं का? – एक वाचक, मिरज

उत्तर: खरंय, आणि मिरजेहून हा प्रश्न आला याचा मला फार आनंद झाला. काउस्टिनेन फिनलंडच्या पश्चिमेला, कोक्कोला या बंदराच्या शहरापासून गाडीने पाऊण तासावर, पेर्हो नदीच्या काठी आहे, वस्ती साधारण चार हजार. २०२१ च्या डिसेंबरात युनेस्कोने इथल्या व्हायोलिनवादनाला मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं. परंपरा अडीचशे वर्षांहून जुनी, शेकडो धुना, आणि बहुतेक प्रत्येक घरात वाजवणारं एक तरी माणूस. अशा वाजवणाऱ्याला तिकडे पेलिमान्नी म्हणतात.

आता हे टिकलं कसं, तर लग्नांमुळे. पूर्वी तिथली लग्नं दिवसेंदिवस चालायची, नवरीच्या डोक्यावर उंच सजवलेला मुकुट, वरातीच्या पुढे पेलिमान्नी, म्हणजे आपल्याकडे सनई-चौघड्याशिवाय जसं कार्य उभं राहत नाही तसंच. मग रात्री नाच. पुर्पुरी म्हणून एक प्रकार आहे, त्यात एकामागून एक नाच न थांबता लागतात, आणि वाजवणाऱ्याला नाचणाऱ्यांचे पाय सांभाळावे लागतात, त्यामुळे तिथल्या वाजवण्यात गज असा काही पडतो की ऐकणाऱ्याचा पाय आपोआप हलायला लागतो. ठेका सरळ समेवर न येता मधेच आघात देऊन उचलतात, आणि वाजवणारा स्वतः टाचेने जमिनीवर ठोका देत असतो. रेकॉर्डिंग मिळालं तर हेडफोन लावून ऐका, लाकडी जमिनीवरची ती टाच ऐकू येते.

पेटीबद्दल. व्हायोलिन पुढे, मागे हार्मोनियम आणि डबल बास (उभं ठेवून वाजवायचं, व्हायोलिनसारखंच पण माणसाएवढं, खर्जातलं वाद्य), हा तिथला नेहमीचा संच. त्यांची हार्मोनियम पायाने भाता मारायची, आपल्या संगीत नाटकांत असायची ना तशी पायपेटी, त्यामुळे दोन्ही हात मोकळे. वाद्य एकच, दोघांकडेही युरोपातूनच पोचलेलं, पण आपला पेटीवाला गायकाच्या मागे मागे सावलीसारखा जातो आणि तिथला पेटीवाला सूर एकत्र दाबून व्हायोलिनला खालून आधार देतो. मला दोन्ही आवडतं, पण एकाच वाद्याने दोन गावांत दोन वेगळी कामं शिकावीत याचं अजूनही नवल वाटतं.

एक नाव लक्षात ठेवा, कोन्स्टा युल्हा (१९१० ते १९८४). त्यांनी १९४६ मध्ये पुर्पुरिपेलिमान्नित हा संच उभा केला आणि स्वतःचे वॉल्ट्झ, म्हणजे तीनच्या ठेक्यातल्या नाचाच्या धुना, बांधले. १९६८ मध्ये गावात लोकसंगीत महोत्सव सुरू झाला आणि नंतरच्या काही वर्षांत हा खेड्यातला माणूस अख्ख्या देशाला माहीत झाला.

प्रश्न: काउस्टिनेन म्हणजे ग्रामपंचायत समजायची का? लोकांचं पोट कशावर? – वाचक, बार्शी

उत्तर: ग्रामपंचायतीपेक्षा बरंच मोठं. त्याला कुन्ता म्हणतात, निवडून आलेली परिषद असते, आणि आपल्या लोकांच्या उत्पन्नावर किती टक्के कर घ्यायचा ते परिषदच ठरवते, शाळा, वाचनालय तिच्याकडेच. दवाखाने मात्र २०२३ पासून वेगळ्या प्रादेशिक संस्थांकडे गेलेत. पोट शेती, दूध, जंगल यांच्यावर, आणि आता आसपासच्या जमिनीत लिथियमचं खनिज आहे म्हणून खाणीचं काम निघालंय, बॅटरीसाठी लागतं ते. पण संगीतही तिथे नुसता छंद नाही बरं का. लोकसंगीताची संस्था १९७४ पासून आहे, आणि १९८६ मध्ये तल्लारी नावाचा पगारी लोकसंगीत संच उभा राहिला. चार हजार वस्तीच्या गावात!

प्रश्न: माझी मुलगी आठ वर्षांची, व्हायोलिनच्या क्लासला सहा महिने जातेय, अजून नुसते अलंकार, रडकुंडीला आलीय. तिकडची मुलं कशी शिकतात? – एक आई, डोंबिवली

उत्तर: ताई, तुमच्या मुलीच्या गुरूंना मी चूक म्हणत नाही, शास्त्रीय संगीताला तो पाया लागतोच. पण तिकडचं सांगते. माउनो यार्वेला या वादक-शिक्षकाने नाप्पारी नावाची पद्धत तिथे रुजवली. त्यात एकाच धुनेचे सोपे-अवघड भाग करतात. कालच वाद्य हातात घेतलेलं पोर मोकळ्या तारेवर दोन सूर देतं, शेजारी बारा वर्षांची मुलगी चाल वाजवते, मागे कुणाचे तरी आजोबा आडव्या हरकती घेतात, आणि सगळे मिळून एकच धून वाजवतात, तीही पहिल्याच दिवशी. बहुतेक सगळं कानाने, कागद नंतर. म्हणजे मूल एकटं घोकत बसत नाही, मोठ्यांच्या मधे उभं राहून वाजवतं. भजनी मंडळात शेवटी बसलेलं पोर टाळ धरता धरता अभंग पाठ करतं की नाही, तसंच. मला वाटतं तुम्ही आठवड्यातून एकदा घरी तिच्या आवडीचं गाणं लावा, ती एक सूर धरेल, तुम्ही गा, एवढं करून बघा आणि मला जरूर कळवा.

प्रश्न: बायकाही वाजवायच्या का? – वाचक, कणकवली

उत्तर: लग्नात व्हायोलिन वाजवणारे जुन्या काळी बहुतेक पुरुषच, आज मुली-मुलगे दोघंही. पण या गावातलं सगळ्यात जुनं मोठं नाव एका बाईचंच आहे. क्रेएता हापासालो, जन्म १८१३. ती कान्तेले वाजवायची, मांडीवर किंवा टेबलावर आडवं ठेवून बोटांनी छेडायचं तारांचं वाद्य. घरात पोरंबाळं खूप, खायला पुरेना, म्हणून १८५३ पासून ती वाद्य घेऊन बाहेर पडली, गात वाजवत हेलसिंकी, पुढे स्टॉकहोम, सेंट पीटर्सबर्गपर्यंत गेली आणि मिळालेल्या पैशावर घर चालवलं. शहरातले शिकलेले लोक तिला फिनलंडच्या मातीचा आवाज म्हणून डोक्यावर घेत होते, आणि तिच्या घरची चूल त्या कान्तेलेवर पेटत होती. १८६८ मध्ये एकमान नावाच्या चित्रकाराने तिचं चित्र काढलं, लाकडी झोपडीत ती वाजवत बसलीय आणि भोवती माणसं ऐकतायत. ते साल फिनलंडमधल्या मोठ्या दुष्काळाचं.