चिऊ, आपलं न्यू इयर खोटं नाही

चिऊ बाळा,

पाडव्याच्या दिवशी तू शाळेतून आलीस आणि शूज पण न काढता विचारलंस, "आई, आपलं न्यू इयर खोटं आहे का?" वर्गातली मैत्रीण म्हणाली म्हणे की न्यू इयर एकच असतं, १ जानेवारीला, तुमचं उगाच बनवलेलं आहे. मी तेव्हा चक्का फेटत होते, "असं काही नसतं गं" एवढंच म्हणाले आणि तू नाक फुगवून वर निघून गेलीस. ते काही उत्तर नव्हतं, म्हणून आज नीट लिहितेय. सावकाश वाच, अडलं तर बाबांना विचार.

तू दोन वर्षांची होतीस तेव्हा आपण एकदा कुम ग्वाइनला गेलो होतो, तुला आठवणार नाही. आपल्या वेल्समधल्या स्वान्सीहून पश्चिमेला, पेम्ब्रोकशरमध्ये फिशगार्डजवळ ग्वाइन नदीची खोल दरी आहे, वेल्श भाषेत कुम म्हणजे दरीच. आपल्याकडे असतं तसं घराला घर लागून असलेलं गाव नाही ते, पाँटव्हाइन नावाची एवढीशी वस्ती, तिथला पब म्हणजे कुणाच्या घरातली पुढची खोली वाटावी असा, बियर जगमधून ओततात आणि भिंतीतल्या छोट्या खिडकीतून देतात. बाकी लांब लांब शेतावरची घरं आणि मधून एकच गाडी जाईल एवढा रस्ता. तारीख होती १३ जानेवारी. सगळीकडे ख्रिसमसची झाडं कधीच उतरलेली, सगळे कामाला लागलेले, आणि इथे मात्र नवीन वर्षाचा पहिला दिवस! हेन गालान म्हणतात त्याला, हेन म्हणजे जुनं आणि कालान म्हणजे वर्षाचा पहिला दिवस, हेनच्या पुढे आलं की कालानचं गालान होतं.

आम्ही एका शेतघरापाशी गाडी बाजूला घेऊन थांबलो होतो तर पुढच्या गाडीतून तीन मुलं उतरली, सगळ्यात लहान मुलाच्या गळ्यात कापडी पिशवी, आणि त्यांनी बेल नाही वाजवली, सरळ स्वयंपाकघराच्या दारासमोर उभं राहून वेल्शमध्ये गाणं सुरू केलं. दार उघडलं, आतल्या बाई पिठाचे हात तसेच धरून उभ्या राहिल्या आणि गाणं पूर्ण ऐकलं गं, मध्ये एक शब्द बोलल्या नाहीत, मग पिशवीत नाणी टाकली, चॉकलेटं दिली. मुलांना मिळणाऱ्या ह्या खाऊ-पैशांना कलेनिग म्हणतात. मुलं पुढच्या घराकडे गेली आणि त्या बाई आमच्या गाडीपाशी आल्या, तू झोपली होतीस, तुझ्या हातमोज्यात एक पौंडाचं नाणं सरकवलं. ते अजून माझ्याकडे आहे.

आता १३ तारीख का, ते ऐक. १७५२ साली ब्रिटनने कॅलेंडर बदललं. २ सप्टेंबरला लोक झोपले आणि दुसऱ्या दिवशी उठले ते थेट १४ सप्टेंबरला, मधले ११ दिवस गायब! ह्या दरीतल्या लोकांनी मात्र जुन्या हिशोबाचं नवीन वर्ष सोडलं नाही. १८०० साली दोन्ही हिशोबांतला फरक ११ चा १२ दिवस झाला, म्हणून जुनी १ जानेवारी १३ तारखेला आली, आणि ते अजून चालू आहे. आणि तुझ्या मैत्रिणीला हे पण सांग की त्याआधी इंग्लंड-वेल्समध्ये लोकांचा सण १ जानेवारीला असला तरी कायद्याने वर्ष २५ मार्चला सुरू व्हायचं. मार्चमध्ये! म्हणजे आपल्या पाडव्याच्या आसपासच. बाबा टॅक्सचे कागद काढून बसतात ना, इथलं ते वर्ष ६ एप्रिलला बदलतं, ते पण त्या जुन्या हिशोबातूनच आलंय. आपला पाडवा चंद्रावर मोजतात, चैत्र महिन्याचा पहिला दिवस, म्हणून इंग्रजी तारीख दरवर्षी सरकते. मोजायची पद्धत वेगळी एवढंच, बनवलेलं काही नाही.

अजून एक. वेल्समध्ये पूर्वी मुलं कलेनिग मागायला जाताना हातात एक सफरचंद घेऊन जायची, त्याला तीन काड्यांचे पाय, अंगभर लवंगा टोचलेल्या, आणि डोक्यावर हिरवी डहाळी खोचलेली. चित्र बघितलं तेव्हा मला आपली गुढीच आठवली, काठीवर खण, साखरेची गाठी, कडुलिंबाची डहाळी आणि वर उपडा तांब्या. कडुलिंब इथे मिळत नाही म्हणून आपण शेजारच्या आजींच्या तमालपत्राच्या झाडाची डहाळी लावतो, त्या स्वतः तोडून देतात.

आणि त्या मुलांना बघून मला सांगली आठवली. हेन गालानच्या दुसऱ्या दिवशी बहुतेक वेळा आपली संक्रांत. आम्ही पोरं संध्याकाळी स्टीलचा छोटा डबा घेऊन अख्खी गल्ली फिरायचो, "तिळगूळ घ्या गोड बोला", मोठ्यांच्या पाया पडायचं, मग ते आपल्या डब्यात हलवा टाकायचे. जोशी काकू दोन दाणे द्यायच्या आणि कोपऱ्यावरचे मोमीन चाचा मूठभर, म्हणून आम्ही त्यांच्याकडे दोनदा जायचो आणि ते दोन्ही वेळा द्यायचे. इथे आपण बंद दाराच्या आत श्रीखंड खातो, मग तुझ्या मैत्रिणीला पाडवा कळणार कसा, तिचं काय चुकलं?

आजीने पाठवलेल्या गाठींपैकी दोन शिल्लक आहेत. उद्या दप्तरात डब्यात ठेवते, एक तिला दे, एक तू खा. आणि तिला विचार, तिच्या आजोबांनी लहानपणी कलेनिगची गाणी म्हटली होती का. आठवत असेल तर एखादी ओळ वहीत लिहून आण, मला पण शिकायचीय.

तुझी,
आई