भावाच्या बाईक अपघातात त्याचीही चूक आहे असं पोलिसांनी लिहिलंय, मग भरपाई मिळणारच नाही का?

मिळणार. चूक निघाली तर रक्कम कमी होते, क्लेम मरत नाही. मी साताऱ्याला एका वकिलांच्या ऑफिसात अपघाताच्या फायली बघतो, स्वतः वकील नाही, पण हा प्रश्न घेऊन दर आठवड्याला कोणीतरी येतंच.

तुम्ही लिहिलंय की भाऊ 28 वर्षांचा, टाइल्स बसवतो, चाकणजवळ टेम्पोने वळताना उडवलं, गुडघ्यात प्लेट बसवलीय, डोक्यावर हेल्मेट नव्हतं आणि विमा कंपनीचा माणूस म्हणतोय की चूक तुमचीच, चार लाख घ्या आणि मिटवा. आधी त्या हेल्मेटचं बघू. हेल्मेट न घालणं हा गुन्हा आहे, दंड होईल, पण मार गुडघ्याला लागलाय ना? हेल्मेट असतं तर गुडघा वाचला असता का? सुप्रीम कोर्टाने 2020 मध्ये मोहम्मद सिद्दीकच्या केसमध्ये सांगितलंय की बाईकवर तिघं बसले होते एवढ्यावरून चूक धरता येत नाही, नियम मोडण्याचा अपघाताशी किंवा त्या इजेशी संबंध दाखवावा लागतो. तोच न्याय इथे लावायचा. डोक्याला मार असता तर गोष्ट वेगळी होती.

आता पोलिसांचं. एफआयआर किंवा चार्जशीटमध्ये लिहिलं म्हणजे ट्रिब्युनलने (अपघाताची भरपाई ठरवणारं कोर्ट) मान्य केलं असं नसतं, क्रिमिनल केससारखा पक्का पुरावा इथे लागत नाही, कोणाची बाजू जास्त खरी वाटते एवढंच बघतात. त्यामुळे स्पॉट पंचनाम्याची नक्कल आजच काढा आणि नीट वाचा, टेम्पो रस्त्याच्या कुठल्या बाजूला होता, ब्रेकच्या खुणा कुठून कुठे, बाईक कुठे पडली होती. बऱ्याचदा वर हवालदाराने 'दोघांच्या हयगयीने' लिहिलेलं असतं आणि खालचा नकाशा सरळ सांगतो की टेम्पो राँग साइडला होता. आणि टेम्पोचा ड्रायव्हर साक्षीला आलाच नाही तर ते कंपनीलाच जड जातं, असं होतं बरं का, बरेच येत नाहीत.

पण खरी लढाई चुकीच्या टक्क्यांवर नसते, अपंगत्वाच्या टक्क्यांवर असते, आणि लोक तिथेच गाफील राहतात. डॉक्टर सर्टिफिकेट देतील की पायाचं 30 टक्के अपंगत्व, कंपनी म्हणेल ते पण फक्त पायाचं, अख्ख्या शरीराचं काढलं तर अजून कमी. 2010 च्या राजकुमार विरुद्ध अजय कुमार केसमध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय की शरीराचा टक्का आणि कमाईचा टक्का एक नाही, त्या माणसाचं काम काय आणि ते आता जमतं का ते बघायचं. टाइल्सवाल्याचं सगळं काम उकिडवं बसून, गुडघा वाकत नाही तर तो काय करणार? हाच गुडघा बँकेतल्या क्लार्कचा असता तर त्याचा पगार चालूच राहिला असता.

हिशोब करून दाखवतो. महिना 15,000 धरले, वय 40 च्या आत आणि स्वतःचा धंदा म्हणून पुढच्या वाढीचे 40 टक्के, झाले 21,000, वर्षाचे 2,52,000. वय 28 ला मल्टिप्लायर (वर्षाच्या कमाईला ज्याने गुणायचं तो वयावर ठरलेला आकडा) 17, म्हणजे 42,84,000. ट्रिब्युनलने कमाईचं नुकसान 30 टक्के धरलं तर 12,85,200 आणि 50 टक्के धरलं तर 21,42,000. त्यातून भावाची 20 टक्के चूक कापली तरी दुसऱ्या हिशोबात 17,13,600 उरतात, वर दवाखान्याचा खर्च, वेदना, बुडालेले महिने वेगळे (चुकीची कपात त्यावरही लागेल), आणि अर्ज केल्यापासूनचं व्याज. तुमचे आकडे वेगळे असतील, पण चार लाख कुठे आणि हे कुठे ते बघा.

15,000 सिद्ध कसे करायचे? रिटर्न भरलेलं नसेलच. ज्या कॉन्ट्रॅक्टरकडे कामं केली त्याला साक्षीला उभा करा, फोनपे-गुगल पेच्या नोंदी, पासबुक, जुन्या साइटचे फोटो. काहीच नसेल तर ट्रिब्युनल किमान वेतनाच्या आसपासचा आकडा धरतं, म्हणून थोडी खटपट करा. आणि सर्टिफिकेट नुसतं फाइलला लावून भागत नाही, ते देणाऱ्या डॉक्टरला कोर्टात येऊन सांगावं लागतं, ऑपरेशन करणाऱ्या डॉक्टरांशी आत्ताच बोलून ठेवा.

मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली चूक न बघता गंभीर दुखापतीला अडीच लाख मिळतात, कंपनीकडून तो कागद पुढे केला जाईल. ते पैसे घेतले की कलम 166 खालचा पूर्ण भरपाईचा मोठा अर्ज संपतो, त्यामुळे सही करण्याआधी वकिलाला दाखवा. टेम्पोवाल्याचं लायसन संपलेलं निघालं म्हणून कंपनी हात वर करेल, घाबरू नका, अशा केसमध्ये बहुतेक वेळा कंपनीला आधी तुम्हाला द्यायला लावतात आणि मग मालकाकडून वसूल करायला सांगतात.

मुदत मात्र सांभाळा. 1 एप्रिल 2022 पासून अपघाताच्या तारखेपासून सहा महिन्यांत अर्ज करायचा आहे, तुमचे चार गेलेत. ह्या मुदतीला सुप्रीम कोर्टात आव्हान दिलेलं आहे पण त्या भरवशावर बसू नका. अपघात चाकणला झाला म्हणून पुण्याला खेपा मारायची गरज नाही, तुम्ही साताऱ्यात राहता तर इथल्याच ट्रिब्युनलमध्ये अर्ज चालतो. आणि दवाखान्याच्या दारात 'मिळेल त्यातले इतके टक्के द्या' म्हणणारे भेटतील, वकिलाने असं टक्क्यावर केस घेणं बार कौन्सिलच्या नियमात बसत नाही. पैसे नसतील तर जिल्हा कोर्टातच विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे, अपंग व्यक्तीला तिथून फुकट वकील मिळतो, जाताना डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, सगळी मूळ बिलं आणि एफआयआरची नक्कल घेऊन जा.