अमेरिकन पिचर (फलंदाजाकडे चेंडू फेकणारा खेळाडू) सँडी कोफॅक्सने ऐन भरात बेसबॉल का सोडला आणि पुढे काय केलं?

डाव्या कोपराच्या संधिवातामुळे, कायमचं अधू होण्याच्या भीतीने त्याने नोव्हेंबर १९६६ मध्ये, वयाच्या ३०व्या वर्षी निवृत्ती घेतली. पत्रकार परिषदेत त्याने स्वतःच सांगितलं होतं, की इंजेक्शनं आणि गोळ्यांचा अतिरेक झालाय. सामन्यानंतर तो कोपर बर्फाच्या पाण्यात बुडवून बसायचा. मात्र फॉर्म गेला म्हणून तो थांबला, असं अजिबात नाही. त्या शेवटच्या मोसमात लॉस एंजेलिस डॉजर्स संघाकडून पिचर म्हणून २७ विजय आणि तिसरा साय यंग पुरस्कार (वर्षातल्या सर्वोत्तम पिचरला मिळणारा)! माझ्या मते हा निर्णय धाडसाचाच होता. पुढे काही वर्षं एनबीसी या अमेरिकन वाहिनीवर समालोचन, १९७२ मध्ये बेसबॉलमधल्या थोर खेळाडूंच्या हॉल ऑफ फेममध्ये निवड (३६व्या वर्षी, सर्वांत तरुण) आणि १९७९ ते १९९० या काळात डॉजर्सच्या कनिष्ठ संघांतल्या पिचर्सचं प्रशिक्षण.