परतावा थांबला, आता कंपनी वाटप रद्द करण्याच्या कागदावर सही मागते

प्रश्न : मी सांगली जिल्ह्यातील निवृत्त माध्यमिक शिक्षक आहे. दुकाने व कार्यालयांची संकुले बांधणाऱ्या आणि त्यांत लोकांची गुंतवणूक घेणाऱ्या आमच्या भागातील एका खासगी मर्यादित कंपनीला मी २०२१ मध्ये २८ लाख रुपये दिले. महारेराकडे (महाराष्ट्राच्या स्थावर संपदा नियामक प्राधिकरणाकडे) नोंदलेल्या पुण्यातील संकुलात ३५० चौरस फुटांचे कार्यालय माझ्या नावे दिल्याचे वाटपपत्र आणि ५०० रुपयांच्या मुद्रांकावरील सामंजस्य करार एवढेच कागद माझ्याकडे आहेत. ताबा डिसेंबर २०२३ पर्यंत आणि तोवर वार्षिक १२ टक्के परतावा ठरला होता. २०२४ पासून परतावा बंद आहे आणि बांधकाम अर्धवट आहे. थकबाकीपोटी दिलेल्या तीन धनादेशांपैकी एक दहा दिवसांपूर्वी न वटता परत आला. उरलेले दोन भरू नका, असे कंपनी सांगते. वाटप रद्द केल्याच्या कागदावर सही केल्यास माझी रक्कम पाच वर्षांच्या विनातारण कर्जरोख्यांत बदलून ९ टक्के व्याज देण्याचा तिचा प्रस्ताव आहे. मी काय करावे?

उत्तर : आपल्या प्रश्नातील सर्वांत तातडीची गोष्ट तो परत आलेला धनादेश आहे, म्हणून आधी त्याविषयी. परक्राम्य संलेख अधिनियमाच्या कलम १३८ खाली बँकेकडून धनादेश न वटल्याचे कळल्यापासून ३० दिवसांच्या आत लेखी मागणीची नोटीस द्यावी लागते; ती मिळाल्यावर कंपनीला १५ दिवसांची मुदत असते, आणि त्या मुदतीत पैसे न आल्यास पुढील एका महिन्यात दंडाधिकाऱ्यांकडे तक्रार दाखल करावी लागते. आपले दहा दिवस गेले आहेत. नोटीस कंपनीबरोबरच धनादेशावर सही करणाऱ्या संचालकाच्या नावेही काढावी आणि पोस्टाची पावती जपून ठेवावी. उरलेले दोन धनादेश त्यांच्या तारखेपासून तीन महिन्यांच्या आत बँकेत भरलेच पाहिजेत. ‘थोडे थांबा’ या तोंडी विनंतीवर ते कपाटात राहिले, तर हा उपाय आपोआप संपतो.

आता मूळ मुद्दा. वाटप रद्द केल्याच्या कागदावर कोणत्याही परिस्थितीत सही करू नका. हे मी इतक्या स्पष्टपणे लिहितो, कारण आपल्या हातात आज जे काही बळ आहे ते जवळजवळ सगळे त्या एका पानाच्या वाटपपत्रातून आलेले आहे. स्थावर संपदा (विनियमन व विकास) अधिनियम, २०१६ मध्ये ‘अपार्टमेंट’च्या व्याख्येत कार्यालय, शोरूम, दुकान आणि गोदाम यांचा समावेश आहे, आणि ज्याला प्रवर्तकाने असे एकक वाटप केले तो या कायद्याखालील ‘अलॉटी’ ठरतो. जागा राहण्यासाठी घेतली की उत्पन्नासाठी, असा भेद त्या व्याख्येत नाही. उलट, वाटप रद्द करून कर्जरोखे स्वीकारताच आपण संकुलातील जागेचे हक्कदार न राहता एका अडचणीतील कंपनीचे विनातारण धनको व्हाल, आणि उद्या ती कंपनी दिवाळखोरीत गेली, तर तारण असलेल्या बँका व वित्तसंस्था यांच्या मागे उभे राहाल.

त्या प्रस्तावातच आणखी एक दोष दिसतो. सूचिबद्ध नसलेले, समभागांत न बदलणारे आणि विनातारण कर्जरोखे कंपन्यांच्या ठेवीविषयक नियमांत ठेव म्हणून गणले जातात, आणि खासगी मर्यादित कंपनीला सर्वसामान्य लोकांकडून ठेवी घेता येत नाहीत. ज्या कंपनीचे वकील एवढी प्राथमिक बाब ध्यानात न घेता असा कागद सहीसाठी पाठवतात, त्या कंपनीने त्यात लिहिलेल्या ९ टक्क्यांवर विसंबण्याचे मला काहीही कारण दिसत नाही.

आपला मुख्य मार्ग महारेराकडे स्थावर संपदा अधिनियमाच्या कलम ३१ खाली तक्रार करण्याचा आहे. ठरलेल्या तारखेला ताबा देता आला नाही, तर कलम १८ नुसार अलॉटीला प्रकल्पातून बाहेर पडून संपूर्ण रक्कम व्याजासह परत मागता येते. हा हक्क बिनशर्त आहे, विकासकाच्या सबबींवर तो अवलंबून नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये न्यूटेक प्रमोटर्स प्रकरणात स्पष्ट केले आहे. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे व्याजाचा दर स्टेट बँकेच्या सर्वाधिक एमसीएलआरपेक्षा (कर्जांसाठीच्या पायाभूत व्याजदरापेक्षा) दोन टक्के अधिक असतो. नोंदणीकृत करार झाला नाही, याची भीती बाळगू नका. कलम १३ प्रमाणे किमतीच्या १० टक्क्यांहून अधिक रक्कम घेण्यापूर्वी तो करार करून नोंदवणे ही कंपनीचीच जबाबदारी होती, आणि स्वतःच्या कसुरीचा फायदा तिला घेता येत नाही.

मागणी लिहिताना मात्र फार काळजी घ्या. थकलेला १२ टक्के परतावा मिळावा हीच प्रमुख मागणी केलीत, तर ‘हे खरेदीदार नसून केवळ व्याजासाठी पैसे देणारे गुंतवणूकदार आहेत’ हा बचाव आपण स्वतःच कंपनीच्या हाती द्याल. त्याऐवजी मूळ रक्कम आणि कलम १८ खालील व्याज मागा, आणि मिळालेला परतावा न लपवता तक्रारीतच नमूद करा. तो व्याजातून वळता करण्याची मागणी कंपनी करणारच आहे. आपला २६-एएस उतारा (आपल्या नावे झालेल्या करकपातीची प्राप्तिकर खात्याकडील नोंद) काढून तो परतावा कोणत्या कलमाखाली करकपात करून दिला गेला, तेही पाहा. १९४-ए म्हणजे व्याज आणि १९४-आय म्हणजे भाडे. कंपनीने त्या रकमेला स्वतःच्या हिशोबात काय मानले होते, हे तिथे उघड होते आणि सुनावणीत त्याचा उपयोग कोणत्याही बाजूने होऊ शकतो, म्हणून ते आपल्या वकिलांना आधी माहीत असावे.

कंपनीविरुद्ध दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू करण्यासाठी राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणात जाण्याचा सल्ला आपल्याला कोणी देईल. २०१८ च्या दुरुस्तीने अलॉटींना वित्तीय धनकोचा दर्जा मिळाला हे खरे, परंतु २०२० पासून त्यासाठी त्याच प्रकल्पातील किमान १०० किंवा १० टक्के, यांपैकी जी संख्या कमी असेल तितक्या अलॉटींनी एकत्र येणे आवश्यक आहे. शिवाय सप्टेंबर २०२५ मध्ये मानसी ब्रार फर्नांडिस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सट्टा स्वरूपाच्या गुंतवणूकदारांना ही प्रक्रिया सुरू करण्यापासून रोखले आहे. खात्रीशीर परताव्याचा करार हातात असताना तो दरवाजा ठोठावणे मला धोक्याचे वाटते. ग्राहक आयोगातही ‘व्यापारी प्रयोजन’ (व्यापारासाठी घेणारा ग्राहक ठरत नाही) हा अडथळा आपल्याला पार करता येणे कठीण आहे.

पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेकडे, ‘एमपीआयडी’ म्हणून परिचित असलेल्या, ठेवीदारांच्या हितरक्षणाच्या १९९९ च्या महाराष्ट्र कायद्याखाली तक्रार करण्याचा मार्ग उरतो. त्यातील ‘ठेवी’ची व्याख्या विस्तृत आहे आणि संचालकांच्या मालमत्तेवर जप्ती येऊ शकते, ही त्याची ताकद. परंतु एका ठिकाणी ‘मी जागा घेतली’ आणि दुसऱ्या ठिकाणी ‘मी ठेव ठेवली’ असे लिहिलेत, तर दोन्हीकडे आपले म्हणणे दुबळे होईल. म्हणून दोन्ही तक्रारींत घटनाक्रम शब्दशः एकच ठेवावा, आणि महारेराची तक्रार आधी दाखल करावी.

ताब्याची तारीख डिसेंबर २०२३ ची असल्याने मुदतीचा वाद टाळण्यासाठी महारेराची तक्रार डिसेंबर २०२६ च्या पुष्कळ आधी दाखल झाली पाहिजे. तिचे शुल्क ५,००० रुपये असून ती ऑनलाइन दाखल होते. सोबत वाटपपत्र, सामंजस्य करार, बँक उतारे, कंपनीचे संदेश आणि आता आलेला कर्जरोख्यांचा प्रस्तावही जोडा, कारण कंपनी आजही आपले वाटप अस्तित्वात असल्याचे मान्य करते, याचा तो लेखी पुरावा आहे. महारेराच्या संकेतस्थळावरील प्रकल्पाचे पान आणि कंपनी निबंधकांकडील बोजांची (कंपनीच्या मालमत्तेवरील तारणांची) नोंद याच आठवड्यात छापून घ्या. आदेश मिळूनही पैसे न आल्यास महारेराच्या वसुली प्रमाणपत्रावर जिल्हाधिकारी जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली करतात, आणि त्या वेळी कोणती जमीन कोणाकडे गहाण आहे हे आपल्या वकिलांना ठाऊक असणे फार उपयोगी पडते.