चिठ्ठीवाचून नमुना मुका

प्रश्न : निसर्गअभ्यासकांवरच्या पुस्तकांत डार्विनने गॅलापागोस बेटांवरचे फिंच पक्षी गोळा करताना मोठी चूक केली असं वाचलं. ती नेमकी कोणती?

उत्तर : चिठ्ठीची. सप्टेंबर-ऑक्टोबर १८३५ मध्ये ‘बीगल’ जहाज तिथे सुमारे पाच आठवडे होतं आणि डार्विन चार बेटांवर उतरला. मॉकिंगबर्ड पक्षी कुठल्या बेटावरचा, हे त्याने टिपलं. बहुतेक फिंचांच्या बाबतीत मात्र ते राहून गेलं. जाड, बारीक, टोकदार अशा तऱ्हेतऱ्हेच्या चोचींचे हे पक्षी एका गटातले असतील असं त्याला वाटलंच नाही. शिवाय एकमेकांच्या नजरेच्या टप्प्यातल्या बेटांवर जीव निराळे असतील, ही शंका तरी कोणाला येणार? जानेवारी १८३७ मध्ये लंडनमध्ये पक्षितज्ज्ञ जॉन गूल्डने ते सगळे एकाच गटातले ठरवले, आणि मग बेटांची नावं हवीशी झाली. ‘बीगल’चा कॅप्टन फिट्झरॉय आणि डार्विनचा मदतनीस सिम्स कव्हिंग्टन यांच्या नमुन्यांवरून जुळवाजुळव करावी लागली. त्यातले काही अंदाज चुकलेही.

निसर्गअभ्यासक आल्फ्रेड रसेल वॉलेसचा १८५२ चा अॅमेझॉनच्या माकडांवरचा निबंध याच दुखण्यावर बोट ठेवतो. नमुन्यावर नुसतं ‘अॅमेझॉन नदी’ लिहिलेलं असतं. उत्तर काठ की दक्षिण, याचा पत्ता नाही. आणि काही जातींची हद्द तर नदीच असते!

प्रश्न : वनस्पती दाबून ठेवताना चिठ्ठीवर काय लिहावं?

उत्तर : आधी क्रमांक. झाड रद्दीच्या घडीत ठेवतानाच त्या कागदावर आणि वहीत एकच क्रमांक टाका. घरी येऊन आठवून लिहिलेलं भरवशाचं नसतं. मग ठिकाण (दुसरा माणूस तिथे पोचू शकेल इतकं नेमकं), तारीख, समुद्रसपाटीपासूनची उंची, जमीन कशी, सावली की ऊन आणि गोळा करणाऱ्याचं नाव. महिना अक्षरांत किंवा रोमन अंकांत लिहावा. ३/४ म्हणजे तीन एप्रिल की चार मार्च, हे पुढे कोणी सांगू शकत नाही. फुलाचा रंग, वास, चीक, झाडाची उंची हे सुकल्यावर नाहीसं होतं, म्हणून ताजेपणीच टिपा. सुरुवातीचे तीन-चार दिवस कागद रोज बदला, नाहीतर पानं काळी पडतात, बुरशी धरते. सुकलेला नमुना साधारण ४२ × २९ सेंटिमीटरच्या आम्लविरहित जाड कागदावर लावून चिठ्ठी खाली उजव्या कोपऱ्यात चिकटवा. बॉलपेन नको, त्याची शाई फिकी पडते. पेन्सिल किंवा चिनी शाई टिकते. अल्कोहोलमधल्या नमुन्याची चिठ्ठी बरणीच्या आत घाला. बाहेरची सुटून पडते.

प्रश्न : प्राण्याच्या शास्त्रीय नावापुढे संशोधकाचं नाव कधी कंसात, कधी मोकळं का?

उत्तर : कंस असेल तर प्रजाती, म्हणजे नावाचा पहिला शब्द, नंतर बदलली. स्वीडिश शास्त्रज्ञ लिनियसने १७५८ मध्ये सिंहाला ‘फेलिस लिओ’ म्हटलं. आज तो ‘पँथेरा लिओ (लिनियस, १७५८)’ असा लिहितात. वाघ, बिबट्या यांचंही तसंच. जुन्या ग्रंथातला प्राणी शोधताना म्हणून नावाचा दुसरा शब्द धरून शोधा. मात्र लिंगानुसार त्याचा शेवट बदलतो : लिनियसची ‘फ्रिंजिला डोमेस्टिका’ ही चिमणी आता ‘पॅसर डोमेस्टिकस’ आहे.