‘रंगप्रकाशविज्ञान’: जुन्या पोथीला हे नाव शोभेल का?

प्रश्न थोडक्यात असा: कथेत एक काल्पनिक प्राचीन संस्कृत पोथी आहे, प्रकाश आणि रंग यांची गूढ विद्या सांगणारी. तिचं नाव ‘रंगप्रकाशविज्ञान’. सात रंगांचे सात अध्याय. हे नाव जुनं वाटतं की आजचं?

मला ते आजचं वाटतं. तिन्ही शब्द संस्कृत आहेत, समासही जुळतो. पण शब्दांचे अर्थ आजच्या मराठीतले आहेत.

सगळ्यात जास्त घोटाळा ‘प्रकाश’ने होतो. ग्रंथाच्या नावात ‘प्रकाश’ आला की जुन्या वाचकाला उजेड आठवत नाही. मम्मटाचा ‘काव्यप्रकाश’ म्हणजे काव्याचं स्वरूप उलगडून दाखवणारा ग्रंथ. वैद्यकातला ‘भावप्रकाश’ही तसाच. ‘दीपिका’, ‘प्रदीप’, ‘चंद्रिका’ ही त्याचीच भावंडं. ज्ञानेश्वरीचं ‘भावार्थदीपिका’ हे नाव आठवून पाहा. म्हणजे ‘रंगप्रकाश’ या नावातून ‘रंगांचं विवेचन’ एवढंच कळेल आणि प्रकाश हा विषय नावातून निसटेल. उजेडाबद्दलच बोलायचं असेल तर जुना शास्त्रीय शब्द ‘तेज’. पंचमहाभूतं मोजताना आपण आजही पृथ्वी, आप, तेज असंच म्हणतो.

‘रंग’ चुकीचा नाही. ‘रञ्ज्’ धातूपासून तो आला आणि संस्कृतात त्याला वर्ण हा अर्थ आहेच. पण रंगभूमी हा त्याचा दुसरा अर्थ तितकाच ठळक आहे, आणि शास्त्रचर्चेत हा शब्द सहसा भेटत नाही. तिथे ‘वर्ण’ किंवा ‘रूप’ असतो. ‘रूप’ म्हणजे आज आपण देखणेपण समजतो. न्यायशास्त्रात, म्हणजे जुन्या भारतीय तर्कशास्त्रात, मात्र केवळ डोळ्यांनीच कळणारा गुण तो रूप, म्हणजे चक्क रंग. अन्नंभट्टाच्या ‘तर्कसंग्रहा’त रूपाचे सात प्रकार दिले आहेत: शुक्ल, नील, पीत, रक्त, हरित, कपिश आणि चित्र. इथेही सातच, पण हे इंद्रधनुष्यातले सात नव्हेत. यात पांढरा आहे, तपकिरीकडे झुकणारा कपिश आहे, अनेक रंगांचा मिळून झालेला ‘चित्र’ आहे. नारिंगी आणि जांभळा नाहीत. पुढे तो म्हणतो की सातही रूपं फक्त पृथ्वी या महाभूतात असतात. पाण्याचं रूप ‘अभास्वर शुक्ल’, तेजाचं ‘भास्वर शुक्ल’. दोन्ही पांढरीच, पण एक झळकतं आणि दुसरं झळकत नाही. रंग आणि झळाळी या दोन गोष्टी किती सहज वेगळ्या केल्या आहेत! ही जागा वाचताना मी दर वेळी थांबतो. काल्पनिक पोथीला याहून भक्कम पाया मला तरी सुचत नाही.

म्हणून सात अध्याय ‘तानापिहिनिपाजा’च्या क्रमाने लावू नयेत. वर्णपटाचे सात भाग ही न्यूटनची मांडणी. त्याचा ‘ऑप्टिक्स’ 1704 मध्ये प्रसिद्ध झाला, आणि सात या आकड्यामागे संगीतातल्या सप्तकाशी साधलेला मेळ होता. प्राचीन पोथीत तो क्रम दिसला की जाणकार वाचक तिथेच अडखळेल. त्या सातांतला ‘पारवा’ मात्र मला फार आवडतो. पक्ष्यावरून आलेलं हे नाव, आणि नाट्यशास्त्रात करुण रसाचा वर्ण ‘कपोत’ सांगितला आहे, म्हणजे पारव्याचाच! तिथे शृंगार श्याम, हास्य शुभ्र, रौद्र रक्त, वीर गौर, अद्भुत पीत. रंग आणि मनाची अवस्था यांची अशी जोडी गूढ विद्येच्या पोथीला अगदी जवळची आहे.

‘नील’ जपून वापरावा. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात तो कृष्ण, असित, श्याम, मेचक यांच्याच पंक्तीत बसला आहे, म्हणजे काळ्याच्या शेजारी नव्हे, काळ्याच्या घरातच. उलट नाट्यशास्त्रात भयानक कृष्ण आणि बीभत्स नील, असे दोन वेगळे. त्यामुळे ‘नील’ अध्यायात आकाशाची निळाई अभिप्रेत असेल, तर ते मजकुरातच स्पष्ट व्हायला हवं.

राहिला ‘विज्ञान’. प्रयोगशाळेतलं विज्ञान हा अर्थ अलीकडचा. गीतेच्या सातव्या अध्यायाच्या नावातही ‘विज्ञान’ आहे, पण तिथे तो अर्थ नाही. ज्ञानेश्वर तर तिथे प्रपंचाच्या ज्ञानाला विज्ञान म्हणतात. गूढ, एकांतात शिष्याला सांगायची विद्या, यासाठी ‘रहस्य’ हाच शब्द. ‘रहस्’ म्हणजे एकांत.

मी ‘तेजोवर्णरहस्य’ सुचवेन. ‘तेजस्’ आणि ‘वर्ण’ यांचा संधी होऊन ‘तेजोवर्ण’ होतो. संस्कृत नावात ‘तेजवर्ण’ चालणार नाही. ‘वर्ण’ म्हणजे अक्षरसुद्धा, हे लक्षात असू द्या. पोथी रंगांची समजून उघडली आणि आत अक्षरांची विद्या निघाली, असं वळण त्या एका शब्दात आयतं मिळतं.

जाता जाता: मजकुरात ‘पांडुलिपी’ लिहिलं आहे, ते हिंदीच्या वळणाचं वाटतं. मराठीत हस्तलिखित म्हणावं. पानं सुटी असतील तर पोथी, शिवलेली असतील तर बाड. पान हरवल्यावर कथा पुढे सरकते असं दिसतंय, तेव्हा पोथीच ठेवा.